फाउस्तो कोप्पी : सायकलचा राजा, त्याचा प्रतिस्पर्धी आणि एक अवघड प्रश्न

थोडक्यात ओळख
पूर्ण नाव : आंजेलो फाउस्तो कोप्पी
जन्म : १५ सप्टेंबर १९१९, कास्तेल्लानिया (इटली)
मृत्यू : २ जानेवारी १९६०, तोर्तोना (इटली)
खेळ : सायकल शर्यत
मोठे विजय : जिरो दि'तालिया ५ वेळा (१९४०, १९४७, १९४९, १९५२, १९५३), टूर द फ्रान्स २ वेळा (१९४९, १९५२), जागतिक विजेतेपद (१९५३)



आपल्या नांदेड-लातूर भागात सायकल कुणाला नवी नाही. शाळेत जायला सायकल, गिरणीवर दळण न्यायला सायकल, रानात डबा पोचवायला सायकल. पण युरोपात काही लोक सायकल चालवूनच पोट भरतात. तो त्यांचा व्यवसाय असतो. तीन-तीन आठवडे, रोज दीडशे-दोनशे किलोमीटर, ऊन असो की पाऊस, डोंगर चढायचे आणि उतरायचे. इटलीतल्या अशा मोठ्या शर्यतीचं नाव जिरो दि'तालिया आणि फ्रान्समधल्या शर्यतीचं नाव टूर द फ्रान्स.

आज आपण या शर्यतींच्या एका महान खेळाडूचं चरित्र बघू. या चरित्रात गरिबी आहे, कष्ट आहेत, तगडी चुरस आहे, मोठे विजय आहेत. आणि थोरांच्या चरित्रात आपण शक्यतो टाळतो अशी एक गोष्टही आहे. ती म्हणजे उत्तेजक द्रव्य, म्हणजेच डोपिंग. ती गोष्ट वगळूनही हा पाठ लिहिता आला असता. पण आपल्याकडे पहाटे चारला उठून पोलीस भरतीसाठी, सैन्य भरतीसाठी डांबरी रस्त्यावर धावणारी कितीतरी पोरं-पोरी आहेत. भरतीच्या मैदानावर उत्तेजक इंजेक्शनं घेतल्याच्या बातम्या आपल्या राज्यातही आल्या आहेत. म्हणून हे चरित्र अर्धं सांगून चालणार नाही. पूर्णच सांगावं लागेल.

जन्म आणि बालपण

उत्तर इटलीत पिएमाँत नावाचा प्रांत आहे. तिथं टेकडीवर कास्तेल्लानिया नावाचं अगदी लहान खेडं. या खेड्यात शेतकरी कुटुंबात फाउस्तोचा जन्म झाला. वडिलांचं नाव दोमेनिको, आईचं आंजिओलिना. पाच भावंडांत फाउस्तो चौथा. सगळ्यांत धाकटा सेर्से. घरची परिस्थिती बेताची. फाउस्तो अंगानं काडीसारखा बारीक आणि सारखा आजारी पडणारा. या पोराकडं बघून हा पुढं जगातला सर्वांत मोठा सायकलपटू होईल असं कुणी म्हटलं नसतं.

घराच्या तळघरात एक गंजलेली जुनी सायकल पडून होती. फाउस्तोनं ती बाहेर काढली आणि त्याला सायकलचं वेडच लागलं. आठ वर्षांचा असताना तो शाळा बुडवून सायकल फिरवायला गेला. शिक्षा म्हणून त्याला शंभर वेळा लिहून काढावं लागलं, की मी शाळेत असायला हवं होतं, सायकलवर नव्हे. शंभर ओळी लिहून झाल्या, पण वेड काही गेलं नाही.

तेराव्या वर्षी त्याची शाळा सुटली. जवळच्या नोव्ही लिगुरे गावात एका खाटिकाच्या दुकानात तो कामाला लागला. गिऱ्हाइकांच्या घरी सायकलवरून माल पोचवायचं काम. चढ-उताराचे रस्ते, सायकलवर ओझं, आणि वेळेत पोचायची घाई. मुलांनो, बघा बरं. ज्याला आपण हमालीचं काम म्हणू, तोच त्याचा रोजचा सराव झाला. कोणतीही अकॅडमी नाही, फी नाही, बूट नाहीत.

त्याचे एक काका होते. त्यांचंही नाव फाउस्तोच. ते जहाजावर अधिकारी होते. पुतण्याचा नाद बघून त्यांनी पैसे दिले, वडिलांनी थोडी भर घातली आणि शर्यतीची खरी सायकल आली. पंधराव्या वर्षी तो पहिली शर्यत जिंकला. बक्षीस काय, तर २० लिरा आणि मांस भरलेला एक पाव!

आंधळा गुरू

नोव्ही लिगुरेत बियाजो काव्हान्ना नावाचे एक गृहस्थ राहत. आधी ते मुष्टियोद्धे होते, मग मालिश करणारे झाले. पुढं त्यांची दृष्टी गेली. पण हाताला डोळे फुटावेत तशी त्यांची बोटं होती. खेळाडूच्या पायावरून, पाठीवरून हात फिरवला की त्याच्यात किती दम आहे, कुठं दुखणं दडलंय, हे त्यांना कळायचं. कोस्तांते जिरार्देंगो या त्या काळच्या मोठ्या सायकलपटूची मालिश त्यांनीच केली होती.

काव्हान्नांनी फाउस्तोला तपासलं आणि आपल्याकडं ठेवून घेतलं. रुंद छाती, लांब पाय, संथ ठोके देणारं मजबूत हृदय. दिसायला किरकोळ पोरगा, पण आतलं इंजिन दणकट. काव्हान्नांनी त्याला शिस्त लावली. वेळेवर झोप, मोजून जेवण, रोजचा सराव, शर्यतीनंतर मालिश. आपल्या तालमीतले वस्ताद पठ्ठ्याला घडवतात ना, अगदी तसंच.

मदतनीस आला आणि शर्यत जिंकून गेला

१९४० साली कोप्पीला लेन्यानो नावाच्या संघात जागा मिळाली. संघाचा कप्तान होता जिनो बार्ताली. त्यानं १९३६ आणि १९३७ साली जिरो आणि १९३८ साली टूर जिंकली होती. सगळी इटली त्याला ओळखायची. वीस वर्षांचा कोप्पी त्याचा मदतनीस म्हणून आला होता.

आता मदतनीस म्हणजे काय, ते समजून घेऊ. जोरात सायकल चालवताना सगळ्यांत मोठा विरोध वाऱ्याचा असतो. पुढचा माणूस वारा अंगावर घेतो, त्याच्या मागं चिकटून चालणाऱ्याला बरीच कमी ताकद लागते. म्हणून संघातले मदतनीस आळीपाळीनं पुढं राहून कप्तानाला वाऱ्यापासून वाचवतात. त्याच्यासाठी पाण्याच्या बाटल्या आणतात. त्याचं चाक पंक्चर झालं तर स्वतःचं चाक काढून देतात. नाव मात्र कप्तानाचं होतं.

त्या वर्षीच्या जिरोत सुरुवातीलाच बार्तालीला अपघात झाला. रस्त्यात कुत्रं आडवं आलं आणि तो पडून जखमी झाला. पुढं फ्लोरेन्स ते मोदेना या टप्प्यात, पावसात आणि थंडीत, कोप्पी एकटाच सुटला आणि पहिला आला. त्याला गुलाबी जर्सी मिळाली. ही शर्यत भरवणारं वर्तमानपत्र गुलाबी कागदावर छापलं जायचं, म्हणून पहिल्या नंबरच्या खेळाडूची जर्सी गुलाबी. संघानं मग कोप्पीसाठी झटायचं ठरवलं आणि मोठा बार्ताली आपल्याच मदतनिसाला मदत करू लागला. ९ जून १९४० रोजी कोप्पी जिरो जिंकला. इतक्या लहान वयात ही शर्यत तोवर कुणी जिंकली नव्हती.

आणि दुसऱ्याच दिवशी, १० जूनला, इटली दुसऱ्या महायुद्धात उतरली.

युद्ध आणि तुरुंग

ऐन उमेदीची वर्षं युद्धानं खाल्ली. तरी ७ नोव्हेंबर १९४२ रोजी मिलान शहरातल्या व्हिगोरेल्ली ट्रॅकवर कोप्पीनं एका तासात जास्तीत जास्त अंतर कापण्याचा जागतिक विक्रम केला. अंतर होतं पंचेचाळीस किलोमीटरांहून थोडं जास्त, जवळजवळ ४६. मिलानवर तेव्हा बॉम्ब पडत होते. हा विक्रम पुढची जवळजवळ चौदा वर्षं टिकला. १९५६ साली फ्रान्सच्या जॅक आंक्तीलनं तो मोडला.

१९४३ मध्ये सैनिक म्हणून कोप्पीला उत्तर आफ्रिकेत पाठवलं गेलं. तिथं ट्युनिशियात ब्रिटिशांनी त्याला पकडलं. पुढचा मोठा काळ त्यानं युद्धकैदी म्हणून काढला. १९४५ साली तो इटलीत परत आला तेव्हा देश उद्ध्वस्त झाला होता. पूल पडलेले, रेल्वे बंद, पेट्रोल नाही. अशा देशात सामान्य माणसाचं वाहन एकच, ते म्हणजे सायकल. म्हणून सायकल शर्यत तिथं लोकांना आपली वाटायची.

मार्च १९४६ मध्ये युद्धानंतरची पहिली मिलान ते सान रेमो शर्यत झाली. अंतर जवळजवळ २९० किलोमीटर. कोप्पी सुरुवातीलाच पुढं निघाला, खिंडीत सोबत्यांना मागं टाकलं आणि एकटा शेवटपर्यंत गेला. दुसऱ्या नंबरचा खेळाडू तब्बल १४ मिनिटांनी आला. रेडिओवर समालोचन करणाऱ्यानं, दुसरा येईपर्यंत श्रोत्यांना संगीत ऐकवलं, असं आजही इटलीत सांगतात.

कोप्पी आणि बार्ताली

आता या चरित्रातला दुसरा माणूस नीट बघू या. जिनो बार्ताली कोप्पीपेक्षा पाच वर्षांनी मोठा. फ्लोरेन्सजवळच्या खेड्यातला, देवभोळा, चर्चला जाणारा. कोप्पी शांत, एकलकोंडा, आहाराचा आणि सरावाचा शास्त्रीय विचार करणारा. कोप्पी आता बियांकी या दुसऱ्या संघात गेला होता. इटलीची सरळ दोन गटांत वाटणी झाली. एका घरात बाप बार्तालीचा तर पोरगा कोप्पीचा. हॉटेलात, बाजारात, पारावर वाद. आपल्याकडं दोन नामवंत पैलवानांच्या निकाली कुस्तीआधी गावोगाव जशी चर्चा रंगते, तसं तिथं वर्षानुवर्षं चाललं होतं.

१९४६ ची जिरो बार्तालीनं जिंकली. फरक फक्त ४७ सेकंद! तीन आठवड्यांच्या शर्यतीत ४७ सेकंद म्हणजे काहीच नाही. पुढच्या वर्षी कोप्पीनं परतफेड केली. १९४८ साली चौतीस वर्षांच्या बार्तालीनं, पहिल्या विजयानंतर दहा वर्षांनी, पुन्हा टूर द फ्रान्स जिंकून दाखवली.

पण चुरस नेहमीच चांगली असते असं नाही. त्याच १९४८ साली हॉलंडमध्ये जागतिक स्पर्धा झाली. दोघं एकाच देशाकडून खेळत होते. पण मी दमलो आणि हा जिंकला तर, या भीतीनं दोघंही एकमेकांकडंच बघत राहिले. बाकीचे पुढं निघून गेले आणि शेवटी दोघांनीही शर्यत अर्ध्यात सोडली. इटलीच्या संघटनेनं दोघांवरही काही काळ बंदी घातली. दुसऱ्याला जिंकू द्यायचं नाही एवढंच मनात असलं, की आपणही जिंकत नाही. वर्गातल्या पहिल्या-दुसऱ्या नंबरवाल्यांनी हे लक्षात ठेवावं.

१९४९ : सोन्याचं वर्ष

१० जून १९४९. जिरोचा कुनेओ ते पिनेरोलो हा टप्पा. अंतर २५४ किलोमीटर आणि मध्ये आल्प्स पर्वतातल्या पाच मोठ्या खिंडी. पहिल्याच खिंडीत कोप्पी सुटला. पुढचे १९२ किलोमीटर तो एकटा होता. नांदेडहून निघून लोहा, अहमदपूर, चाकूर करत लातूर गाठलं तरी १९२ किलोमीटर पुरे होत नाहीत. पुढं औशाच्याही पलीकडं जावं लागेल. तेही सपाटीवर नाही, डोंगरातून, आणि वारा अडवायला पुढं कुणी नाही. दुसरा आला बार्ताली, जवळजवळ १२ मिनिटांनी. जिरो कोप्पीनं जिंकली.

लगेच त्याच उन्हाळ्यात टूर द फ्रान्स. तिथं देशांचे संघ असत, म्हणून कोप्पी आणि बार्ताली एकाच संघात! संघाचे व्यवस्थापक होते आल्फ्रेदो बिंदा, स्वतः पाच वेळा जिरो जिंकलेले. सुरुवातीच्या एका टप्प्यात कोप्पी पडला, सायकल मोडली. संघाच्या गाडीतली त्याची स्वतःची दुसरी सायकल यायला उशीर झाला. कोप्पीचा धीरच सुटला. एकूण वेळेत तो जवळजवळ ३७ मिनिटं मागं पडला आणि घरी जातो म्हणू लागला. बिंदांनी त्याची समजूत काढली. कोप्पी थांबला, आणि मग एकेक मिनिट भरून काढत गेला.

आल्प्समधल्या एका टप्प्यात कोप्पी आणि बार्ताली दोघंच पुढं होते. १८ जुलै, बार्तालीचा पस्तिसावा वाढदिवस. कोप्पीनं त्या दिवशी त्याला पहिला येऊ दिलं. दुसऱ्या दिवशी बार्ताली मागं पडला आणि कोप्पी पुढं गेला. पॅरिसमध्ये पिवळी जर्सी कोप्पीच्या अंगावर होती. दुसरा बार्ताली, जवळजवळ ११ मिनिटं मागं. एकाच वर्षात जिरो आणि टूर दोन्ही जिंकणारा कोप्पी हा जगातला पहिला खेळाडू ठरला.

दुःख आणि पुन्हा विजय

धाकटा भाऊ सेर्से हाही सायकलपटू होता. फाउस्तोचा तो मोठा आधार होता. जून १९५१ मध्ये एका शर्यतीत शेवटाजवळ सेर्से पडला. सुरुवातीला लागलंय असं वाटलंच नाही. पण त्याच दिवशी त्याचा मृत्यू झाला. काही दिवसांतच टूर सुरू झाली. कोप्पी उतरला, पण मन कुठं लागणार? एका टप्प्यात तो रस्त्यात पार कोसळला. तरी शर्यत पूर्ण करून दहावा आला.

बार्तालीचा धाकटा भाऊ जुलिओ हाही १९३६ मध्ये शर्यतीतल्या अपघातात गेला होता. दोन्ही प्रतिस्पर्ध्यांनी आपापला धाकटा भाऊ याच खेळात गमावला.

१९५२ साली कोप्पीनं पुन्हा जिरो आणि टूर दोन्ही जिंकल्या. आल्प दुएझ हा आज जगप्रसिद्ध असलेला चढ त्या वर्षी टूरमध्ये पहिल्यांदाच आला आणि तिथं पहिला आला तो कोप्पी. टूरमध्ये त्याची आघाडी होती २८ मिनिटांपेक्षा जास्त. तो फारच पुढं गेल्यामुळं शर्यतीत गंमत राहावी म्हणून आयोजकांनी दुसऱ्या नंबरचं बक्षीस वाढवलं! ही टूर १९ जुलैला संपली. त्याच दिवशी हेलसिंकीत ऑलिंपिक सुरू झालं, आणि चार दिवसांनी तिथं आपल्या कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवलं. तारखा अशा जोडून लक्षात ठेवल्या की विसरत नाहीत.

१९५३ मध्ये जिरोत स्तेल्व्हिओ खिंड पहिल्यांदाच ठेवली गेली. उंची २७५८ मीटर. आपलं कळसूबाई १६४६ मीटर, म्हणजे त्याहून अकराशे मीटर उंच, आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना बर्फ. तिथं कोप्पीनं पुढं असलेल्या ह्यूगो कोब्लेटला मागं टाकून पाचवी जिरो जिंकली. त्याच वर्षी तो जागतिक विजेताही झाला.

यानंतर घरगुती आयुष्यात वादळ आलं. कोप्पीचा संसार मोडला, प्रकरण कोर्टात गेलं, आणि काल डोक्यावर घेणारे लोक आज नावं ठेवू लागले. विजयही कमी होत गेले.

बाटलीतली गोष्ट

आता अवघड भाग.

दुसऱ्या महायुद्धात दोन्ही बाजूंच्या सैन्यांत सैनिकांना जागं ठेवण्यासाठी ॲम्फेटामाइन नावाच्या गोळ्या दिल्या जात. युद्ध संपलं आणि त्या गोळ्या खेळात शिरल्या. इटलीतले सायकलपटू अशा मिश्रणाला बाँब म्हणत. कोप्पीही ते घेत असे. हा कुणी केलेला आरोप नाही, त्यानं स्वतः ते मान्य केलं होतं. गरज पडेल तेव्हा घेतो, आणि गरज जवळजवळ नेहमीच पडते, असा त्याच्या सांगण्याचा अर्थ होता.

बार्तालीला कोप्पीचा फार संशय. तो कोप्पीच्या हॉटेलच्या खोलीत जाऊन कचऱ्यातल्या बाटल्या तपासायचा. एकदा शर्यतीत कोप्पीनं फेकलेली छोटी बाटली त्यानं जागा लक्षात ठेवून नंतर शोधून आणली आणि तपासायला दिली. निघालं काय, तर दुकानात कुणालाही मिळणारं साधं टॉनिक! बार्तालीनं मग त्याच टॉनिकचं खोकं मागवलं. ही गोष्ट बार्ताली स्वतः हसत सांगायचा. गोष्ट गमतीची आहे, पण त्यातून एक कळतं. एकदा औषधाचा संशय शिरला, की चांगल्या खेळाकडंही कुणी सरळ नजरेनं बघत नाही.

त्या काळी सायकल शर्यतीत अशा औषधांवर बंदी नव्हती. फ्रान्सचा कायदा १९६५ सालचा. टूरमध्ये तपासणी सुरू झाली १९६६ साली. म्हणून कोप्पीनं नियम मोडला असं म्हणता येणार नाही. पण नियम नव्हता म्हणून औषध निर्धोक होतं असंही नाही.

हे औषध शरीरात काय करतं? आपल्याला समजेल असं उदाहरण घेऊ. विहिरीवरची मोटार तुम्ही बघितली आहे. ती जास्त तापली की स्टार्टर पडतो आणि मोटार बंद होते. स्टार्टर पडतो तेव्हा आपण वैतागतो, पण तो मोटार वाचवत असतो. कुणी घाईनं ती डायरेक्ट जोडली, तर पाणी येत राहतं. सगळ्यांना वाटतं, बघा, चालली की. मग एकदम जळका वास येतो आणि वायंडिंग जातं. थकवा हा आपल्या शरीराचा स्टार्टर आहे. उत्तेजक द्रव्य नवी ताकद देत नाही, ते हा स्टार्टर काढून टाकतं. शरीर तापत राहतं, हृदय धडधडत राहतं, आणि थांब म्हणून सांगणारं कुणी उरत नाही.

१३ जुलै १९६७ रोजी टूर द फ्रान्समध्ये नेमकं हेच झालं. टॉम सिम्पसन हा इंग्लंडचा माजी जागतिक विजेता मों व्हाँतू डोंगराच्या चढावर भर उन्हात कोसळला आणि मरण पावला. वय २९. त्याच्या शरीरात ॲम्फेटामाइन आणि दारूचा अंश सापडला. पुढं तर नवनवी औषधं आली. अमेरिकेच्या लान्स आर्मस्ट्राँगनं सात वेळा टूर जिंकली, आणि २०१२ साली ती सातही विजेतेपदं डोपिंगमुळं काढून घेतली गेली.

कुणी विचारेल, मग कोप्पी मोठा की खोटा? खाटिकाच्या दुकानातून सायकल हाणणारा पोरगा खरा होता. १९४६ चे ते १४ मिनिटं खरे होते, भावाच्या मृत्यूनंतर पूर्ण केलेली शर्यत खरी होती. पण त्यातलं किती त्याच्या पायांचं आणि किती गोळीचं, हे आज कुणीही वेगळं काढून दाखवू शकत नाही. डोपिंगचा हाच सगळ्यांत मोठा तोटा आहे. ते खेळाडूची स्वतःची कमाईसुद्धा त्याची राहू देत नाही.

एक बाटली, दोन हात

१९५२ च्या टूरमधला एक फोटो इटलीत फार प्रसिद्ध आहे. डोंगराचा चढ, कोप्पी पुढं, बार्ताली मागं, आणि एक पाण्याची बाटली एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात जातेय. कोण कुणाला पाणी देतोय, यावर आजपर्यंत वाद चालू आहे. बार्ताली म्हणे मी दिलं, कोप्पीचे लोक म्हणत त्यानं दिलं. पण एक गोष्ट फोटोत स्पष्ट दिसते. आयुष्यभर एकमेकांशी झुंजणाऱ्या दोघांनी तहान मात्र वाटून घेतली.

बार्तालीबद्दल आणखी एक सांगायला हवं. युद्धाच्या काळात त्यानं सायकलच्या नळीत बनावट ओळखपत्रं लपवून सरावाच्या नावाखाली पोचवली आणि ज्यूंचे जीव वाचवायला मदत केली. हयातीत त्यानं याचा गाजावाजा केला नाही. २०१३ साली इस्रायलच्या याद व्हाशेम संस्थेनं त्याचा मरणोत्तर गौरव केला.

शेवट

डिसेंबर १९५९ मध्ये कोप्पी काही सायकलपटूंसोबत आफ्रिकेतल्या अपर व्होल्टा देशात गेला. आज त्याला बुर्किना फासो म्हणतात. तिथं एक शर्यत झाली, मग शिकार झाली. कोप्पी आणि त्याचा फ्रेंच मित्र राफाएल जेमिनियानी एकाच खोलीत झोपले. खोलीत डासच डास.

घरी परतल्यावर दोघांनाही जोराचा ताप आला. फ्रान्समध्ये जेमिनियानीच्या रक्ताची तपासणी झाली, हिवताप म्हणजे मलेरिया निघाला, क्विनाइन दिलं गेलं आणि तो वाचला. इटलीत कोप्पीचं दुखणं फ्लू किंवा छातीचा विकार समजून उपचार चालू राहिले. हिवताप असल्याचा निरोप फ्रान्सहून आला होता, पण तो मानला गेला नाही असं सांगतात. २ जानेवारी १९६० रोजी सकाळी कोप्पीचा मृत्यू झाला. वय अवघं ४०.

हिवतापाचा जंतू डासाच्या शरीरात असतो हे रोनाल्ड रॉस यांनी १८९७ साली सिकंदराबादला शोधलं होतं. म्हणजे आपल्या नांदेड-लातूरचा मुलूख ज्या हैदराबाद संस्थानात होता, त्याच संस्थानात. त्याला बासष्ट वर्षं झाली होती. क्विनाइन तर त्याच्याही आधीपासून माहीत होतं. ज्या माणसाच्या अंगात नको ती औषधं वर्षानुवर्षं गेली, त्याला हवं ते साधं औषध वेळेवर मिळालं नाही. आपल्या गावात ताप आल्यावर आशाताई बोटातून रक्ताचा थेंब काचपट्टीवर घेतात, तेव्हा सुईला घाबरून पळू नका. त्या एका थेंबावर जीव वाचतो.

१९६० च्या हंगामात कोप्पी एका नव्या संघाकडून उतरणार होता. त्या संघाचा व्यवस्थापक कोण होता, माहिती आहे? जिनो बार्ताली! जुना कप्तान आणि जुना मदतनीस पुन्हा एकत्र येणार होते. ते राहूनच गेलं. कास्तेल्लानियाच्या टेकडीवर अंत्ययात्रेला हजारो लोक जमले.

जिरोतल्या सर्वांत उंच ठिकाणाला १९६५ पासून चीमा कोप्पी, म्हणजे कोप्पी शिखर, असं म्हणतात. २०१९ साली, त्याच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, त्याच्या गावाचं नाव कास्तेल्लानिया कोप्पी झालं.

आपण काय घ्यायचं?

कोप्पीकडून कष्ट घ्या. शिस्त घ्या. ३७ मिनिटं मागं असताना थांबून राहण्याची जिद्द घ्या. बार्तालीकडून मदतनिसालाही मोठं होऊ देण्याचं मन घ्या. बाटलीतलं मात्र घेऊ नका.

पोलीस भरतीत मुलांना १६०० मीटर धावायचं असतं, मुलींना ८०० मीटर. ते काही मिनिटांचं काम आहे. त्यासाठी कुणी दादा, कुणी मित्र म्हणाला की एक इंजेक्शन घे, सगळेच घेतात, काही होत नाही, तर त्याला विहिरीवरच्या मोटारीची गोष्ट सांगा. आपल्या देशात आता डोपिंगविरोधी कायदा आहे, तो २०२२ साली झाला. कोप्पीच्या वेळी नियम नव्हता, आपल्या वेळी आहे. आणि नियम असो नसो, हृदय एकच आहे. भरती पुढच्या वर्षी पुन्हा निघेल, आई-बापाचं पोरगं पुन्हा येणार नाही.

विचार करा आणि सांगा

१. खाटिकाच्या दुकानातल्या नोकरीचा कोप्पीला सायकलपटू म्हणून कसा उपयोग झाला?
२. मदतनीस सायकलपटू कप्तानाला वाऱ्यापासून कसा वाचवतो? मैदानावर दोघांनी सायकल चालवून अनुभव घ्या.
३. १९४८ च्या जागतिक स्पर्धेत कोप्पी आणि बार्ताली दोघंही का हरले?
४. थकवा हा शरीराचा स्टार्टर आहे, हे तुमच्या शब्दांत समजावून सांगा.
५. बंदी नसताना घेतलेलं उत्तेजक द्रव्य योग्य की अयोग्य? वर्गात दोन गट करून चर्चा करा. दोन्ही बाजू नीट ऐकून घ्या.
६. तुमच्या गावात भरतीची तयारी करणाऱ्या एका ताईला किंवा दादाला भेटा. ते रोज किती धावतात, काय खातात, किती झोपतात हे विचारा आणि वहीत दहा ओळी लिहा.